कानाने घडवलेले संगीत : एल्से मारी पाडे

एल्से मारी पाडे (1924–2016) या डेन्मार्कमध्ये इलेक्ट्रॉनिक संगीताची सुरुवात करणाऱ्या रचनाकार. त्यांचे रीतसर शिक्षण मात्र पियानोचे होते. दुसऱ्या महायुद्धातील तुरुंगवासामुळे मैफलीत पियानो वाजवण्याची वाट बंद झाली. पुढे त्यांनी ध्वनिमुद्रक, ध्वनिफीत आणि विद्युत्स्वरयंत्रे यांतून आपले संगीत घडवले. वाद्य हातचे जाऊनही त्यांचे संगीत थांबले नाही, याचे कारण त्यांच्या घडणीत आहे. संगीतकाराचे पहिले काम वाजवणे किंवा लिहिणे हे नसून ऐकणे हे आहे, आणि पाडे यांच्यात ते पियानोच्याही आधी रुजले होते. ज्या इतिहासाने छापील स्वरलिपी आणि मैफलीचा मंच यांनाच संगीताचा पुरावा मानले, त्या इतिहासाला त्या दीर्घकाळ दिसल्या नाहीत. त्यांचे जीवन आणि कार्य समजून घेताना या दोन्ही गोष्टी एकत्र पाहाव्या लागतात.

डेन्मार्कमध्ये पाडे यांच्या आधी स्त्री रचनाकार नव्हत्या असे नाही. हिल्डा सेहेस्टेड (1858–1936) यांनी पियानोसाठी आणि वाद्यवृंदासाठी लिहिले. त्यांचा ऑपेरा कोपनहेगनच्या राजनाट्यगृहाने स्वीकारला होता, पण तो रंगमंचावर आलाच नाही. नॅन्सी डालबर्ग (1881–1949) यांनी सिंफनी लिहिली, आणि तो मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या डॅनिश स्त्री ठरल्या. कार्ल नील्सन यांच्या त्या शिष्या होत्या आणि गुरूच्या काही कृतींच्या वाद्यवृंदरचनेत त्यांनी मदतही केली. या दोघींपुढची अडचण एकच होती. सिंफनी असो वा ऑपेरा, कागदावरची कृती कानावर पडायची तर साठ-सत्तर वादक, एक संचालक, एक सभागृह आणि त्या सर्वांवर अधिकार असलेले मंडळ लागे. त्या मंडळात स्त्रियांना जागा नव्हती. रचना करण्याची मोकळीक होती, ती ऐकवण्याची मात्र नव्हती. पाडे यांच्या हाती जे साधन आले त्याने या अडचणीचे स्वरूपच बदलले. अडचण नाहीशी मात्र झाली नाही.

एल्से मारी यांचा जन्म 2 डिसेंबर 1924 रोजी जटलंडच्या पूर्व किनाऱ्यावरील ऑर्हुस शहरात झाला. बालपणी मूत्रपिंडाच्या आजाराने त्यांना वारंवार अंथरुणाला खिळवले. इतर मुले अंगणात खेळत तेव्हा त्या खोलीत पडून असत, आणि बाहेरचे जग त्यांच्यापर्यंत आवाजांतून पोहोचे. पावले, दारे, गाड्या, पाऊस, घरातल्यांचे बोलणे या आवाजांतून त्या मनातल्या मनात चित्रे आणि गोष्टी रचत. पुढे त्या आपल्या रचनांचे मूळ याच नादचित्रांमध्ये असल्याचे सांगत. मूल आजारी पडले की खिडकी हे त्याचे जग होते. एल्से मारी यांच्या बाबतीत खिडकीची जागा कानाने घेतली. डोळ्यांना दिसत नसलेल्या वस्तूचा आवाज ऐकून ती वस्तू कोणती, किती दूर, कुठल्या दिशेला चालली आहे, हे ओळखण्याचा सराव त्यांना लहान वयातच झाला. हेच कौशल्य पुढे ध्वनिप्रयोगशाळेत उपयोगी पडले.

पियानो घरातूनच आला. पाश्चात्त्य अभिजात संगीताचे धडे सुरू असतानाच शाळकरी वयात जॅझची गोडी लागली आणि ऑर्हुसमधल्या एका जॅझ चमूत त्या पियानो वाजवू लागल्या. जॅझमध्ये कागदावरचे स्वर आधारापुरते असतात. सोबत्याने आत्ता काय वाजवले ते ऐकून पुढचे पाऊल टाकायचे असते. अभिजात शिक्षणाने बोटांना शिस्त दिली, जॅझने कानाला तत्परता दिली. त्यांच्या पियानोशिक्षिका कारिन ब्रीग यांच्याशी त्यांचे नाते केवळ संगीतापुरते राहिले नाही. देशावरच्या संकटाने त्या नात्याला वेगळे वळण दिले.

9 एप्रिल 1940 रोजी जर्मन फौजांनी डेन्मार्क ताब्यात घेतला. पहिली तीन वर्षे डॅनिश सरकार नावाला टिकून होते. ऑगस्ट 1943 मध्ये संप आणि घातपात वाढले, जर्मनांच्या मागण्या सरकारने फेटाळल्या आणि 29 ऑगस्टला थेट लष्करी अंमल सुरू झाला. त्यानंतर प्रतिकार चळवळीला वेग आला. एल्से मारी यांनी प्रथम बेकायदा वृत्तपत्रे वाटली. 1944 मध्ये कारिन ब्रीग यांच्यामार्फत त्या केवळ स्त्रियांच्या एका प्रतिकारगटात सामील झाल्या. शस्त्रे आणि स्फोटके हाताळण्याचे शिक्षण त्यांना मिळाले. वेळ येताच जर्मनांचे दळणवळण तोडता यावे म्हणून शहरातील टेलिफोनच्या तारांचे जाळे कुठून कसे जाते याची माहिती गोळा करणे हे गटाचे एक काम होते. तारेतून जाणारा आवाज तोडण्याची योजना आखणारी ही तरुणी पुढच्या दशकात तारेतून येणाऱ्या आवाजापासून संगीत घडवणार होती.

13 सप्टेंबर 1944 रोजी गेस्टापोने त्यांना अटक केली. त्या वेळी त्या एकोणीस वर्षांच्या होत्या. चौकशी झाली, कोठडीत एकटे ठेवले गेले. त्या कोठडीतल्या एका रात्रीची हकिगत त्यांनी पुढे अनेकदा सांगितली. खिडकीतून एक तारा दिसला, आणि त्याच वेळी मनात एक सुरावट उमटली. सकाळी मोजे अडकवण्याच्या पट्ट्याच्या बक्कलने त्यांनी ती भिंतीवर कोरून ठेवली. हातात कागद नव्हता, पेन नव्हते, पियानो तर नव्हताच. 'तू, मी आणि तारे' अशा अर्थाच्या नावाचे ते गाणे ही त्यांच्या रचनाकार होण्याची खरी सुरुवात. तोपर्यंत त्या इतरांचे संगीत वाजवत होत्या. कोठडीने त्यांच्याकडून स्वतःचे संगीत लिहून घेतले.

कोठडीतून त्यांची रवानगी फ्रोस्लेव्हच्या छावणीत झाली. जर्मन सरहद्दीलगतची ही छावणी ऑगस्ट 1944 मध्ये सुरू झाली होती. डॅनिश कैद्यांना जर्मनीतल्या छळछावण्यांमध्ये नेऊ नये म्हणून डॅनिश अधिकाऱ्यांच्या प्रयत्नाने ती उभी राहिली होती. तरीही तिथून सुमारे 1,600 कैद्यांना जर्मनीला नेण्यात आलेच. छावणीत एल्से मारी गाणी रचत राहिल्या. सोबतच्या कैदी स्त्रिया ती ऐकत, गात. कोणत्याही क्षणी नाव पुकारले जाईल आणि रेल्वेच्या डब्यात चढावे लागेल, अशा भीतीच्या सावटाखाली एकत्र गाणे हा जगण्याचा आधार होता. 5 मे 1945 रोजी डेन्मार्क मुक्त झाला आणि त्या सुटल्या.

आजारपणाची खोली आणि तुरुंगाची कोठडी या दोन्हींत एक साम्य आहे. दोन्ही ठिकाणी शरीर जखडलेले आणि दृष्टी भिंतींनी अडवलेली असते. कान तेवढा मोकळा असतो. कोठडीतल्या माणसाला बुटांच्या आवाजावरून पहारेकरी ओळखावा लागतो, किल्लीच्या आवाजावरून कोणाचे दार उघडले ते समजून घ्यावे लागते. तिथे ऐकणे हा जीवन-मरणाचा प्रश्न होतो. पाडे यांच्या पुढच्या संगीतात साध्या आवाजांना जे वजन आहे, त्याचा उगम केवळ पॅरिसहून आलेल्या एका नव्या तंत्रात शोधणे अपुरे ठरते. तंत्र 1952 मध्ये मिळाले. ते वापरू शकणारा कान त्याच्या कितीतरी आधी तयार झालेला होता.

युद्धानंतर 1946 मध्ये त्यांचे लग्न झाले आणि पाडे हे आडनाव मिळाले. पुढे त्यांना दोन मुले झाली, 1960 मध्ये घटस्फोट झाला. लग्नाच्याच वर्षी त्यांनी कोपनहेगनच्या रॉयल डॅनिश संगीत अकादमीत पियानोसाठी प्रवेश घेतला. 1867 मध्ये सुरू झालेली ही संस्था देशाच्या संगीतजीवनाचे केंद्र होती. पण तुरुंगवासाने शरीरावर जे परिणाम केले होते, त्यामुळे मैफली पियानोवादकाच्या रोजच्या दीर्घ रियाजाचा ताण सोसणे शक्य झाले नाही. त्या रचनेच्या अभ्यासाकडे वळल्या. व्हाग्न होल्मबो यांच्याकडे त्या शिकल्या. नील्सननंतरच्या पिढीतील डेन्मार्कचे ते अग्रगण्य सिंफनीकार होते, आणि लहान बीजातून मोठी कृती सतत रूप पालटत कशी वाढवायची हा त्यांचा आवडता विषय होता. पुढे यान मेगोर यांच्याकडून त्यांनी शोनबर्ग यांची बारा स्वरांची श्रेणीपद्धती आत्मसात केली. सप्तकातील बाराही स्वर एका ठरावीक क्रमाने वापरायचे आणि कोणत्याही एका स्वराला षड्जासारखे केंद्रस्थान द्यायचे नाही, हे तिचे तत्त्व. बीजातून वाढवणे आणि क्रमाने बांधणे या दोन शिस्ती त्यांच्या इलेक्ट्रॉनिक कृतींच्या तळाशी शेवटपर्यंत राहिल्या.

तरीही वाद्यवृंदाच्या रूढ वाद्यांतून मनातली नादचित्रे उतरवता येत नव्हती. उत्तर मिळाले ते रेडिओवर. 1952 मध्ये डॅनिश नभोवाणीने पिएर शेफेर आणि त्यांच्या 'म्युझिक काँक्रेत' या संगीतप्रकाराविषयी कार्यक्रम प्रसारित केला. शेफेर हे फ्रेंच नभोवाणीतील अभियंते. 1948 च्या ऑक्टोबरमध्ये त्यांनी पॅरिसच्या रेडिओवरून आवाजांची मैफल सादर केली होती आणि तिच्यात आगगाड्यांच्या आवाजांपासून बनवलेली रचना होती. त्यांचे म्हणणे असे की, नेहमीचा रचनाकार आधी कल्पनेत संगीत रचतो, मग चिन्हांत लिहितो आणि शेवटी ते वादकांकडून प्रत्यक्षात आणतो. ही दिशा उलटी करता येईल. आधी प्रत्यक्ष आवाज घ्यायचा, तो पुन्हा पुन्हा ऐकायचा, त्याच्यावर प्रयोग करायचे आणि त्यातून रचनेपर्यंत जायचे. पाडे यांना हे ऐकताना आपल्याच बालपणाचे वर्णन ऐकल्यासारखे वाटले असेल तर नवल नाही. त्यांनी शेफेर यांचे पुस्तक मिळवले, त्यांच्याशी संपर्क साधला आणि पॅरिसला जाऊन त्यांचे काम जवळून पाहिले.

या नव्या संगीताच्या मुळाशी असलेले यंत्र मुळात डेन्मार्कमध्येच जन्मलेले होते, हा इतिहासातला एक अर्थपूर्ण योग. आवाज चुंबकीय रूपात साठवण्याचे तंत्र डॅनिश अभियंते वाल्डेमार पॉल्सन यांनी शोधले. 1898 मध्ये त्यांनी आपल्या 'टेलिग्राफोन' या यंत्राचे पेटंट घेतले आणि 1900 च्या पॅरिस प्रदर्शनात ते मांडले. त्यात पोलादी तार वापरलेली होती. प्लॅस्टिकच्या फितीवर चुंबकीय लेप देण्याची सुधारणा पुढे जर्मनीत झाली आणि 1935 मध्ये 'मॅग्नेटोफोन' लोकांपुढे आला. युद्धानंतर हे यंत्र जगभरच्या रेडिओकेंद्रांत पोहोचले. बातम्या आणि भाषणे साठवण्यासाठी आणलेल्या या यंत्रात काही मोजक्या रचनाकारांना नवे वाद्य दिसले.

या वाद्यावर काम करणे कष्टाचे असते. व्यावसायिक ध्वनिमुद्रकात फीत सेकंदाला 38 सेंटिमीटर या वेगाने पळते. म्हणजे एक सेकंदाचा आवाज ही हातभर लांबीची, पट्टीने मोजता येणारी वस्तू होते. तिच्यातला नको तो भाग पात्याने कापायचा, हवा तो तुकडा दुसऱ्याला जोडायचा. उभा छेद घेतला तर आवाज ठोक्यासारखा सुरू होतो, तिरका घेतला तर तो हळूच आत शिरतो. फितीचा वेग दुप्पट केला की आवाज एका सप्तकाने वर चढतो आणि निम्म्या वेळात संपतो. तिची दोन टोके जोडून वलय केले की तो अखंड फिरत राहतो. उलटी लावली की शेवट आधी आणि आघात नंतर ऐकू येतो. फिल्टरने आवाजातले वरचे किंवा खालचे पदर काढता येतात, घुमारा देऊन तो जवळून दूर नेता येतो. एका मिनिटाच्या रचनेसाठी असे शेकडो निर्णय घ्यावे लागत, आणि प्रत्येक निर्णय कानानेच घ्यावा लागे, कारण कोणत्याही पाठ्यपुस्तकात त्याचे नियम नव्हते. यंत्र संगीत बनवते आणि माणूस नुसता बटण दाबतो, हा समज या कामाच्या स्वरूपापुढे टिकत नाही.

पाडे यांची या पद्धतीची पहिली मोठी कृती म्हणजे 'ड्यूरेहाव्सबाकेनवरचा एक दिवस'. कोपनहेगनच्या उत्तरेला जंगलाच्या कडेला असलेली ही जत्रेची जागा 1583 पासून लोकांना माहीत आहे आणि आजही सुरू असलेल्या मनोरंजनस्थळांमध्ये ती जगातली सर्वांत जुनी मानली जाते. तिथले पाळणे, फिरते घोडे, दुकानदारांच्या हाका, गर्दीचे हसणे ध्वनिमुद्रित करून पाडे यांनी ते एकत्र विणले. 1955 मध्ये ही कृती चित्रफितीसह डॅनिश दूरचित्रवाणीवरून प्रसारित झाली. डॅनिश रचनाकाराने केलेली ही पहिली 'काँक्रेत' रचना. नव्या संगीताचा प्रवेश डेन्मार्कमध्ये मूठभर जाणकारांच्या सभागृहातून झाला नाही. तो घराघरातल्या दूरचित्रवाणी संचातून झाला, आणि विषय होता सर्वांच्या ओळखीची जत्रा.

इथेच पाडे आणि शेफेर यांच्यातला फरक स्पष्ट होतो. शेफेर यांचा आग्रह असा की आवाज त्याच्या उगमापासून तोडून ऐकावा. रेल्वेच्या आवाजात रेल्वे आठवू नये, केवळ त्याचा पोत, लय, चढउतार ऐकू यावेत. पाडे यांना उगम पुसायचा नव्हता. जत्रेचा आवाज जत्रेचाच राहावा आणि तरीही त्यातली लय, पुनरावृत्ती आणि रचना उघड व्हावी, हे त्यांचे उद्दिष्ट होते. आजारी मुलीने रचलेल्या नादचित्रांत आवाज आणि गोष्ट वेगळे नव्हतेच. म्हणूनच त्यांना शेफेर यांच्या अनुयायी म्हणून बाजूला ठेवणे चुकीचे आहे. साधन त्यांनी पॅरिसहून घेतले, त्याचा हेतू त्यांचा स्वतःचा होता.

डॅनिश नभोवाणीत पाडे यांनी कार्यक्रमनिर्मितीचे काम केले. तिथल्या प्रयोगशाळेत त्यांना होल्गर लाउरिडसन या अभियंत्याची साथ मिळाली. स्टिरिओ ध्वनिमुद्रणाच्या इतिहासात लाउरिडसन यांचे नाव आदराने घेतले जाते, कारण मध्य आणि बाजू असे दोन संकेत घेऊन ध्वनीचा अवकाश पकडण्याच्या पद्धतीच्या विकासात त्यांचा मोठा वाटा होता. रेडिओचे ध्वनितंत्रज्ञही पाडे यांच्या मदतीला असत. हान्स ख्रिश्चन अँडरसन यांच्या परीकथांच्या रेडिओरूपांसाठी पाडे यांनी ध्वनी रचले. 'लहान जलपरी'साठी समुद्रतळाचे, कोणी कधी न ऐकलेले जग त्यांना केवळ आवाजातून उभे करायचे होते. परीकथा ही मुलांसाठीची हलकी कामगिरी होती असे मानणे सोपे आहे. प्रत्यक्षात अस्तित्वात नसलेल्या जागेचा आवाज कसा असेल, हा प्रश्न कोणत्याही गंभीर कृतीइतकाच अवघड आहे.

त्या काळात युरोपात या नव्या संगीताचे दोन पंथ पडले होते. पॅरिसमध्ये जगातले आवाज ध्वनिमुद्रित करून वापरत. कोलोनच्या नभोवाणीत 1951 मध्ये स्थापन झालेल्या स्टुडिओत मायक्रोफोनला सुरुवातीला स्थान नव्हते. तिथे ऑसिलेटरमधून निघणाऱ्या शुद्ध स्वरांची बेरीज करून पूर्णपणे नवा नाद घडवत. कार्लहाइन्झ श्टॉकहाउझन हे त्या स्टुडिओचे सर्वांत प्रसिद्ध रचनाकार. दोन्ही गोटांत कडवट वाद होते. पाडे यांनी 1958 च्या सुमारास दोन्ही पद्धतींत एकेक महत्त्वाची कृती केली. 'सिंफोनी मॅग्नेतोफोनिक' ही कोपनहेगनमधील चोवीस तासांची नादगाथा. सकाळची जाग, कामावर जाणारी माणसे, कचेऱ्या, कारखाने, संध्याकाळचा विरंगुळा, रात्र असा दिवसाचा क्रम सुमारे वीस मिनिटांत उलगडतो. 'सात वर्तुळे' ही मात्र पूर्णपणे विद्युत्स्वरांची रचना. 1958 च्या ब्रसेल्स जागतिक प्रदर्शनाला त्या गेल्या होत्या. तिथे एडगार व्हारेझ यांची इलेक्ट्रॉनिक रचना शेकडो ध्वनिवर्धकांतून ऐकवली जात होती, आणि तिथेच तारांगणाच्या दृश्यातून 'सात वर्तुळे'ची कल्पना त्यांना सुचली. या कृतीत स्वरांचे फेरे एकावर एक चढत जातात, प्रत्येकाची गती निराळी असते, आणि पुढे ते पुन्हा विरळ होतात. मेगोर यांच्याकडे शिकलेली श्रेणीची शिस्त इथे ग्रहगतीसारखी भासते. कोठडीच्या खिडकीतून दिसलेला तारा चौदा वर्षांनी पुन्हा त्यांच्या संगीतात आला.

यानंतरची काही वर्षे सर्वाधिक निर्मितीची ठरली. 1960 मध्ये हेर्मान हेस यांच्या कादंबरीवरून प्रेरणा घेऊन 'काचमण्यांचा खेळ' ही रचना दोन भागांत झाली. 1962 च्या 'फाउस्ट' मालिकेत गटेच्या नाटकातील प्रसंग शब्दांवाचून, केवळ विद्युत्स्वरांतून उभे राहिले. 1964 मध्ये दूरचित्रवाणीसाठी 'गवताचे पाते' हा बॅले आला. 1962 पासून पुढे त्या डार्मश्टाटच्या उन्हाळी अभ्यासवर्गांना जात राहिल्या. युद्धोत्तर युरोपच्या नव्या संगीताची ती पंढरीच होती, आणि श्टॉकहाउझन, लिगेती, बुलेझ हे रचनाकार तिथे शिकवत. डेन्मार्कमधून या प्रवाहाशी इतक्या लवकर आणि इतके सातत्याने नाते ठेवणारे फारच थोडे होते.

या संगीतावरचा मूळ आक्षेप असा की, हे संगीतच नव्हे, हा नुसता गोंगाट आहे. तो आक्षेप केवळ सामान्य श्रोत्यांचा नव्हता. 1956 च्या 'फॉरबिडन प्लॅनेट' या अमेरिकी चित्रपटाला लुई आणि बेबे बॅरन या दांपत्याने संपूर्ण इलेक्ट्रॉनिक संगीत दिले, तेव्हा श्रेयनामावलीत त्याला संगीत म्हणण्याचे टाळून 'इलेक्ट्रॉनिक स्वरध्वनी' असे नाव दिले गेले. आक्षेपामागचे गृहीतक असे की ठरावीक उंचीचा स्वर म्हणजे संगीत आणि उरलेले सारे गोंगाट. पण ढोलाच्या थापेला, झांजेच्या आघाताला, बासरीतल्या फुंकरीला ठरावीक उंची नसते, आणि तरीही त्यांना संगीतातून कोणी काढत नाही. संगीत ठरते ते ध्वनींमधल्या संबंधांवरून. काय आधी आले, काय परतले, किती वेळ थांबावे लागले, अपेक्षा कुठे पूर्ण झाली आणि कुठे मोडली, यांवरून. 'सिंफोनी मॅग्नेतोफोनिक'मध्ये दार, चाक आणि शिट्टी यांच्यामध्ये असे संबंध बांधलेले आहेत. ते ऐकू आले की गोंगाटाचा आरोप गळून पडतो. ऐकू आले नाहीत तर श्रोत्याने पुन्हा ऐकावे, कारण रचनाकाराने स्वतः ती फीत शेकडो वेळा ऐकली आहे.

ध्वनिमुद्रित आवाजाचे आणखी एक सामर्थ्य स्वरलिपीत नाही. तो साक्ष देऊ शकतो. 1970 मधल्या पाडे यांच्या रचनेचे नाव 'डोळे भिडवून पाहा' अशा अर्थाचे आहे. तिच्यात लष्करी नगाऱ्याच्या लयीबरोबर हिटलरचा मुद्रित आवाज वापरलेला आहे. गेस्टापोच्या कोठडीतून आलेल्या स्त्रीने, युद्ध संपून पंचवीस वर्षे झाल्यावर, तो आवाज पुन्हा समोर आणला. धोका गेला असे समजू नका, हा तिचा आशय. चित्रकाराला हुकूमशहाचे चित्र काढावे लागते, कवीला वर्णन करावे लागते. पाडे यांनी तोच आवाज रचनेच्या आत उभा केला आणि त्याच्याभोवती लय बांधून त्याचा अर्थ उघड केला. 1972 च्या 'मारिया' या रचनेत मानवी कंठ आणि विद्युत्स्वर एकत्र आले आणि त्यांच्या कामातला धार्मिक, चिंतनशील पदर पुढे आला.

यानंतर त्यांचे नाव हळूहळू मागे पडले, आणि कित्येक वर्षे त्यांची कृती ऐकायला मिळणे दुर्मिळ झाले. गुणवत्ता कमी पडली हे त्याचे कारण नव्हते. कारणे तीन होती आणि तिन्ही व्यवस्थेतली होती. पहिले कारण कृतीच्या स्वरूपात होते. छापील स्वरलिपी असेल तर कोणत्याही गावातला वादक ती वाजवू शकतो, ग्रंथालय ती ठेवू शकते, विद्यार्थी तिचा अभ्यास करू शकतो. फितीवरची कृती मात्र एका संस्थेच्या कपाटात असते. संस्थेने ती वाजवली नाही तर ती अस्तित्वात असूनही नसल्यासारखी होते. दुसरे कारण म्हणजे कोलोन किंवा मिलानसारखा, रचनाकारांची पिढी घडवणारा कायम स्टुडिओ डॅनिश नभोवाणीत त्या काळात त्यांच्याभोवती उभा राहिला नाही. स्टुडिओला नाव असते, शिष्य असतात, वार्षिक कार्यक्रम असतात, आणि त्यातून संस्थापकाची आठवण टिकते. तिसरे कारण स्त्री असण्याचे. रेडिओत काम करणाऱ्या स्त्रीचे काम 'पार्श्वध्वनी' म्हणून नोंदले जाई आणि तसेच काम करणाऱ्या पुरुषाला रचनाकार म्हटले जाई.

हे तिसरे कारण केवळ डेन्मार्कपुरते नाही. ब्रिटनमध्ये डॅफ्नी ओरॅम यांनी 1958 मध्ये बीबीसीचा रेडिओफोनिक वर्कशॉप सुरू करण्यात पुढाकार घेतला आणि पुढच्याच वर्षी त्या बाहेर पडल्या. त्याच वर्कशॉपमध्ये डेलिया डर्बीशर यांनी 1963 मध्ये 'डॉक्टर हू' मालिकेचे शीर्षकसंगीत प्रत्यक्षात घडवले. पडद्यावर त्याचे श्रेय त्यांना 2013 मध्ये मिळाले, तेव्हा त्यांचे निधन होऊन बारा वर्षे झाली होती. रेडिओच्या प्रयोगशाळेने स्त्रियांना आत येऊ दिले, कारण ते नवे क्षेत्र होते आणि तिथे जुन्या मंडळांचे पहारे अजून बसले नव्हते. सेहेस्टेड आणि डालबर्ग यांना जो वाद्यवृंद मिळवण्यासाठी ताटकळावे लागले, त्याची गरज पाडे यांना उरली नव्हती. त्या स्वतःच रचनाकार, वादक आणि संचालक होत्या. पण कृतीच्या नावापुढे कोणाचे नाव लागणार आणि ती पुन्हा कधी वाजणार, हे ठरवण्याचा अधिकार याही वेळी त्यांच्या हाती नव्हता.

एकविसाव्या शतकाच्या सुरुवातीला चित्र पालटले. डेन्मार्कमधल्या तरुण संगीतकारांनी आणि अभ्यासकांनी जुन्या फिती शोधल्या, त्यांच्या सीडी निघाल्या, मुलाखती झाल्या. सत्तरी ओलांडलेल्या पाडे यांना नव्या पिढीने आपल्या परंपरेची आद्य रचनाकार म्हणून स्वीकारले. याकोब किर्केगोर या 1975 मध्ये जन्मलेल्या ध्वनिकलावंताबरोबर त्यांनी 'स्वेव्हनिंगर' ही रचना केली, आणि 2013 मध्ये तिची तबकडी आली. दोन जवळजवळ सारख्या कंपनसंख्येचे स्वर एकत्र वाजले की जे मंद स्पंद जाणवतात, त्यांना डॅनिश भाषेत हे नाव आहे. वयात पन्नास वर्षांचे अंतर असलेल्या दोन कलावंतांच्या सहकार्याला ते शोभणारे होते. 2014 मध्ये त्यांच्या इलेक्ट्रॉनिक कृतींचा संग्रह आंतरराष्ट्रीय श्रोत्यांपुढे आला. 18 जानेवारी 2016 रोजी, वयाच्या एक्क्याण्णवाव्या वर्षी त्यांचे निधन झाले.

पुनर्शोधाबरोबर एक धोकाही येतो. गेस्टापो, कोठडी, भिंतीवर कोरलेली सुरावट ही हकिगत इतकी प्रभावी आहे की संगीत तिच्या मागे झाकले जाण्याची शक्यता असते. शौर्याचा सन्मान व्हावा, पण शौर्यामुळे रचना मोठी होत नाही. 'सात वर्तुळे' ऐकताना श्रोत्याला कोठडीची माहिती नसली तरी त्या फेऱ्यांची वीण कळते आणि तिची शिस्त जाणवते. चरित्राचा उपयोग एवढाच की, ती वीण घडवणारा कान कुठे तयार झाला हे त्यातून समजते. आजारपणात, जॅझमध्ये, अंधाऱ्या कोठडीत आणि रेडिओच्या प्रयोगशाळेत पाडे यांनी एकच काम अखंड केले. त्यांनी आवाजाकडे पूर्ण लक्ष दिले आणि त्या लक्षाला आकार दिला.

यातून संगीताच्या इतिहासलेखनासाठी एक स्पष्ट निष्कर्ष निघतो. जो इतिहास केवळ छापील स्वरलिपी, सभागृहांचे कार्यक्रम आणि पदव्या यांवरून लिहिला जातो, तो अपुरा असतो. रेडिओकेंद्रांच्या फिती, तंत्रज्ञांच्या नोंदी, मुलांच्या कार्यक्रमांसाठी आणि नाटकांसाठी केलेले ध्वनिकाम हीसुद्धा संगीताच्या इतिहासाची मूळ साधने आहेत, आणि ती जपण्याची जबाबदारी ज्या संस्थांनी ती निर्माण करून घेतली त्यांचीच आहे. चुंबकीय फीत कायम टिकत नाही. तिच्यावरचा लेप सुटतो आणि आवाज कायमचा जातो. एल्से मारी पाडे यांच्या फिती वेळेवर सापडल्या, म्हणून डेन्मार्कच्या संगीताचा एक अध्याय वाचला.